टेलिग्रामवरच्या गेमचे नोटिफिकेशन बंदच होईनात, म्यूट करून झालं, डिलीट करून झालं

कोपऱ्यातली_खुर्ची

नमस्कार मंडळी. आधीच कबूल करतो की चूक माझीच आहे, त्यामुळे शिव्या घालायच्या असतील तर घाला पण सोबत उपाय पण सांगा.

२०२४ च्या उन्हाळ्यात आमच्या रूमवर सगळ्यांना ते टेलिग्रामवर नाणं टॅप करत बसायचं वेड लागलं होतं. रूममेट म्हणायचा दिवाळीपर्यंत मेसचा खर्च निघतो बघ. एक गेम झाला की दुसरा, असे पाच-सहा तरी झाले असतील. खर्च वगैरे काही निघाला नाही, अंगठा तेवढा दुखायला लागला. खेळणं बंद करून वर्ष उलटून गेलं तरी मेसेज चालूच आहेत, तुमचं खाणकाम थांबलंय, तुमची स्ट्रीक आज तुटणार, मित्राने तुम्हाला मागे टाकलं, काय वाटेल ते. दिवसाला आठ-दहा तरी येतात.

मी नवी पेठेत अभ्यासिकेत बसतो. फोन सायलेंटवर असतो पण लाकडी टेबलावर व्हायब्रेट झाला की अख्ख्या रांगेला कळतं. काल तिसऱ्यांदा झालं तेव्हा समोरच्या ताईंनी पेन खाली ठेवलं आणि नुसतं बघितलं. बोलल्या काहीच नाहीत, बोलल्या असत्या तर बरं झालं असतं.

टेलिग्राम काढून टाकू शकत नाही कारण सगळा अभ्यास तिथेच आहे. पीडीएफ, चालू घडामोडी, आणि राज्यसेवा मुख्य वर्णनात्मक झाल्यापासून आमचा एक उत्तरलेखनाचा ग्रुप आहे, त्यात आम्ही उत्तरं लिहून फोटो टाकतो आणि सर रात्री तपासून पाठवतात. तो मेसेज वाजायलाच हवा, नाहीतर मी सकाळी बघतो आणि तोवर सर पुढच्या प्रश्नावर गेलेले असतात.

केलेले उद्योग: दोन बॉट (म्हणजे गेम चालवणारी, आपोआप मेसेज टाकणारी खाती) म्यूट केले, तर तिसरा सुरू झाला. चॅट डिलीट केल्या, दोन दिवसांनी त्याच चॅट परत वर येऊन बसल्या. आर्काइव्हमध्ये टाकल्या तर तिथून पण बाहेर आल्या. फोन अँड्रॉइड १४ आहे. कुणीतरी मार्ग सांगा.

पळसाचं_पान

टेलिग्राम उडव. विषय संपला.

कोपऱ्यातली_खुर्ची

दादा पोस्ट वाचली का पूर्ण

पळसाचं_पान

नाही 😄 आता वाचली. बरं ठीक आहे, मग थांब कुणीतरी शहाणा माणूस येईपर्यंत.

बॉटवाला_बाब्या

शहाणा नाही पण बॉट बनवतो, म्हणून पलीकडच्या बाजूने कसं दिसतं ते सांगतो.

बॉट स्वतःहून कुणालाही पहिला मेसेज करू शकत नाही. टेलिग्रामने ते दारच ठेवलेलं नाही. म्हणजे तू कधीतरी स्टार्ट दाबलं आहेस, किंवा गेम उघडताना 'हा मला मेसेज पाठवू शकतो' अशी एक बारीक टिकमार्क असते ती न वाचता पुढे गेला आहेस. ते झालं की बॉटवाल्याकडे तुझा नंबर जात नाही (तो तू वेगळा दिला असशील तरच), पण तुझा एक आयडी जातो आणि तेवढा पुरतो. त्या आयडीवर तो रात्री तीनलाही मेसेज टाकू शकतो.

माझा एक बॉट आमच्या सोसायटीत पाण्याचा टँकर किती वाजता येणार ते सांगतो. काही लोक वैतागून चॅट डिलीट करतात. मला त्याचा पत्ताही लागत नाही, माझा पुढचा मेसेज जातो आणि त्यांच्याकडे चॅट पुन्हा उगवते. तुझं नेमकं हेच होतंय. पण कुणी ब्लॉक केलं की मला ४०३ चा एरर येतो, युजरने बॉट ब्लॉक केलाय असं स्पष्ट लिहिलेलं असतं, मेसेज जातच नाही. म्हणून डिलीट नाही, ब्लॉक.

आता कसं करायचं. बॉटच्या चॅटमध्ये जा, वर नावावर टॅप कर, प्रोफाइल उघडतं, कोपऱ्यातल्या तीन टिंबांत स्टॉप बॉट किंवा ब्लॉक असं असेल, व्हर्जनप्रमाणे नाव बदलतं पण काम एकच. आणि हो, चॅट डिलीट करताना जो छोटा चौकोन विचारतो ना की बॉटला ब्लॉकपण करायचं का, तो आपण सगळेच न बघता सोडतो. तिथे टिक केली की दोन्ही कामं एकदम होतात. जे आधीच डिलीट केलेस ते नाव टाकून सर्चमध्ये शोध, नाव आठवत नसेल तर त्यांचा पुढचा मेसेज येऊ दे, येईलच, मग धर.

आर्काइव्हचं कोडं पण सोपं आहे. आर्काइव्ह केलेली चॅट म्यूट नसेल तर नवीन मेसेज आला की ती बाहेर येते. म्यूट असेल तर आत पडून राहते. तू आर्काइव्ह केलंस पण म्यूट केलं नसणार.

कोपऱ्यातली_खुर्ची

बरोब्बर, म्यूट न करताच टाकल्या होत्या आत. आता सगळे ब्लॉक करत बसतो. थँक्यू भाऊ 🙏

बॉटवाला_बाब्या

थांब, अर्धंच झालंय. त्या गेममध्ये टास्क असायचे ना, अमुक चॅनेल जॉइन करा आणि इतकी नाणी मिळवा? तू किती जॉइन केलेस ते आठवतंय का? ते बॉट नाहीत, चॅनेल आहेत, त्यांना ब्लॉक करून उपयोग नाही, तिथून लीव्ह व्हायचं असतं. खरा गोंधळ सहसा तिथेच असतो, कारण गेम बंद पडला तरी चॅनेल चालू राहतो आणि मग त्यावर पुढच्या गेमची जाहिरात, मग त्याच्या पुढच्या. लाखो लोक आयते जमलेले असतात, कोण सोडेल ते.

कोपऱ्यातली_खुर्ची

अरे देवा. स्क्रोल करून बघितलं. तेवीस आहेत 🤦 काही तर रशियन भाषेत आहेत, मी काय समजून जॉइन झालो होतो कुणास ठाऊक

हापूसप्रेमी

५००० नाणी मिळत होती म्हणून झाला होतास 😂😂 मीपण

दोन_मुलांची_आई

माझा अनुभव जरा वेगळा आहे पण कामी येईल कुणाला तरी. मोठ्याच्या क्लासचा ग्रुप आहे, तिथे मुलं बॉटचं नाव टाकून गेमच पोस्ट करतात, खाली प्ले बटण येतं आणि एखाद्याने स्कोअर केला की ग्रुपमध्ये तशी ओळ पडते. (ही सोय टेलिग्रामवर २०१६ पासून आहे असं नंतर कळलं, मला वाटलं यांनी नवीनच काहीतरी शोधून काढलं.) परीक्षेच्या आदल्या दिवशी शंभरेक ओळी त्या आणि मधे कुठेतरी बाईंनी टाकलेला पोर्शन. मी ग्रुप म्यूट केला तरी फोन वाजायचाच, कारण मुलं एकमेकांना नावाने टॅग करतात, त्यात मुलाच्या नावाचं अकाउंट माझ्याच फोनवर, आणि टॅग केलेलं म्यूटमध्ये सुद्धा वाजतं. पिन केलेल्या मेसेजचं पण तसंच.

शेवटी बाईंनाच सांगितलं. ग्रुपच्या परवानग्यांमध्ये स्टिकर आणि जिफ बंद केले की त्याच्या जोडीला गेम टाकणं पण बंद होतं. दोन मिनिटांचं काम होतं, आम्ही दोन महिने भांडत होतो. मुलं रुसली आहेत, असू देत.

आणखी एक, प्रायव्हसीच्या सेटिंगमध्ये जाऊन 'ग्रुपमध्ये कोण घालू शकतं' ते फक्त कॉन्टॅक्ट्स करून ठेवा. मला एकदा कुठल्या तरी पत्त्यांच्या ग्रुपात घातलं होतं, आमच्या ह्यांनी बघितलं आणि मग तासभर स्पष्टीकरण.

काकांचा_जावई

धागा जरा वळवतोय माफ करा. सासरेबुवांना रमीचे मेसेज येतात पण टेलिग्रामवर नाही, साध्या एसएमएसवर. बोनस जमा झालाय, खेळा. ते बँकेचा मेसेज समजून मला फोन करतात की माझ्या खात्यात कुणी पैसे टाकले. त्यावर काय करता येईल?

नाईटशिफ्ट

@काकांचा_जावई डीएनडी (जाहिरातींचे कॉल-मेसेज अडवायची सोय) चालू करा त्यांच्या नंबरवर. १९०९ ला इंग्रजीत स्टार्ट लिहून स्पेस देऊन शून्य असा एसएमएस करायचा किंवा १९०९ ला कॉल करून पण होतं. आणि मेसेज कुणाकडून आलाय ते नाव बघायला शिकवा, २०२५ पासून शेवटी डॅश देऊन एक इंग्रजी अक्षर असतं, पी असेल तर प्रमोशन म्हणजे जाहिरात, एस म्हणजे सर्व्हिस, टी म्हणजे ट्रान्झॅक्शन, जी म्हणजे सरकारी. सासरेबुवांना एवढंच सांगा की पी दिसला की पैसे नाहीत 😀

साध्या दहा आकडी नंबरवरून येत असतील तर मात्र डीएनडीने थांबणार नाहीत, ते सरळ ब्लॉक आणि स्पॅम रिपोर्ट. तसंही पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर केंद्राने ऑगस्ट २०२५ मध्ये बंदीचा कायदा केलाय, जाहिरातपण त्यात आली, त्यामुळे आता रमीचा बोनस म्हणून जे येतं ते उघडूच नका.

काकांचा_जावई

पी दिसला की पैसे नाहीत, हे त्यांना पाठ होईल. धन्यवाद.

कोपऱ्यातली_खुर्ची

दुसऱ्या दिवशीचा रिपोर्ट देतो. नऊ बॉट ब्लॉक, तेवीसपैकी बावीस चॅनेल सोडले (एक ठेवलाय, त्याबद्दल नंतर सांगतो). दिवसभर शांतता होती. मी खूश. रात्री ११ वाजून ४० मिनिटांनी परत आलंच!! तुमचे फ्री स्पिन संपत आहेत, त्वरा करा. टेलिग्राम उघडून बघतो तर तिथे काहीच नाही, एकही नवीन मेसेज नाही. म्हणजे नोटिफिकेशन येतंय पण मेसेज नाही. आता हे काय भूत आहे

पळसाचं_पान

आता तरी उडव

नाईटशिफ्ट

भूत नाही. ते टेलिग्रामचं नसणारच. पुढच्या वेळी आलं की सरकवून टाकू नकोस, त्यावर बोट दाबून धर. कुठल्या ॲपने पाठवलंय ते वर लिहून येतं आणि तिथल्या तिथे बंद करायचा पर्याय पण मिळतो. लोक चिन्ह बघून अंदाज करतात आणि चुकीच्या ॲपच्या मागे लागतात.

आलेलं आधीच सरकवलं असशील तरी चालेल. सेटिंगमध्ये नोटिफिकेशनच्या खाली नोटिफिकेशन हिस्टरी म्हणून असतं, अँड्रॉइड ११ पासून आहे, पण ते आपल्याला चालू करून ठेवावं लागतं. चालू केल्यापासूनचं दिसतं, आधीचं नाही. आत्ताच चालू कर.

माझा अंदाज क्रोम. पैज लावतो.

कोपऱ्यातली_खुर्ची

कशाची पैज

नाईटशिफ्ट

कटिंग

कोपऱ्यातली_खुर्ची

हरलो 😭 क्रोमच निघालं. रात्री पुन्हा आलं तेव्हा दाबून धरलं, वर क्रोम आणि खाली एका साइटचं नाव. आता आठवलं, त्या गेममध्ये रोज एक कोड असायचा, तो बरोबर टाकला की जास्तीची नाणी, आणि मी तो कोड एका साइटवर जाऊन बघायचो. पहिल्याच दिवशी तिने काहीतरी विचारलं होतं आणि मी अलाउ दाबलं होतं कारण त्याशिवाय कोड दिसतच नव्हता. म्हणजे इतके दिवस मी टेलिग्रामला शिव्या घालतोय आणि अर्धे मेसेज तर ब्राउझरमधून येत होते.

नाईटशिफ्ट

हो, हा जुना प्रकार आहे. क्रोमच्या सेटिंगमध्ये साइट सेटिंग्जमध्ये नोटिफिकेशन्स, तिथे परवानगी दिलेल्या साइट्सची यादी असते. अनोळखी दिसेल ती काढून टाक. आणि त्याच पानावर वरचं बटणच बंद करून ठेव म्हणजे पुढे कुणी विचारणारच नाही. मी आमच्या आईच्या फोनवर बघितलं तेव्हा तिथे सतरा साइट्स होत्या, त्यातल्या अकरा राशिभविष्याच्या.

कटिंग राहिली, नवी पेठेत आलो की सांगतो.

हापूसप्रेमी

पण मला एक सांगा, त्या नाण्यांचे कुणाला पैसे मिळाले का खरंच? मी रत्नागिरीत बसून चार महिने टॅप केलं, बागेत आंबे उतरवायचे सोडून. वडील अजून बोलतात.

बॉटवाला_बाब्या

मिळाले काहींना. नॉटकॉइन जानेवारी २०२४ ला सुरू झालं आणि मे मध्ये त्याचं टोकन (म्हणजे विकता येणारं क्रिप्टो नाणं) बाजारात आलं, ज्यांनी सुरुवातीला भरपूर टॅप केलं होतं त्यांना बऱ्यापैकी आले. तेच बघून सगळे धावले. मग हॅमस्टर कॉम्बॅट आलं मार्चमध्ये, त्याचं टोकन सप्टेंबरच्या २६ तारखेला, तोवर वाटेकरी इतके झाले होते की एकेकाच्या हातात काय येणार. लग्नात शेवटच्या पंगतीला बसल्यासारखं.

याच्यापेक्षा महत्त्वाचं, आता जुन्या गेमच्या नावाने मेसेज येतात की तुमची नाणी पडून आहेत, क्लेम करा, फक्त आधी थोडी फी भरा किंवा वॉलेट (क्रिप्टो ठेवायचं ॲप) जोडा. त्यातल्या एकावरही जाऊ नका. आणि त्या वेळी कुणी खरंच वॉलेट जोडलं असेल तर बॉट ब्लॉक केल्याने ती जोडणी तुटत नाही, वॉलेटमध्ये जाऊन जोडलेल्या ॲपची यादी असते तिथून वेगळी काढावी लागते. पैसे गेलेच असतील तर १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, लगेच फोन, दुसऱ्या दिवशीवर ढकलू नका.

हापूसप्रेमी

मला एकूण आले त्यात एक डझन हापूसही आला नसता. मुळात घरचे होते ते सोडा

दोन_मुलांची_आई

@कोपऱ्यातली_खुर्ची तो एक चॅनेल का ठेवलास पण?

कोपऱ्यातली_खुर्ची

हां ते सांगायचं राहिलं. तो गेमचा नाहीच, नोट्सचा चॅनेल आहे. चालू घडामोडींची पीडीएफ सगळ्यात चांगली तिथेच येते, पण ॲडमिन दिवसातून दोन-तीन वेळा मधेच गेमची जाहिरात फॉरवर्ड करतो. राज्यघटनेची दुरुस्ती, मग प्रश्न, मग एकदम सोन्याचं नाणं नाचतंय. त्यातली फक्त जाहिरात थांबवता येते का?

बॉटवाला_बाब्या

नाही, चॅनेलमधला एकच प्रकार गाळायची सोय टेलिग्राममध्ये नाही. ॲडमिन स्वतः टाकतोय म्हटल्यावर ते त्याचंच पोस्ट धरलं जातं. म्यूट करून ठेव आणि दिवसातून एकदा स्वतः जाऊन बघ.

किंवा उलटा हिशोब कर, मी तसंच करतो. सेटिंगमध्ये नोटिफिकेशन्समध्ये प्रायव्हेट चॅट, ग्रुप आणि चॅनेल अशी वेगवेगळी बटणं आहेत. चॅनेल सगळे बंद. ग्रुप पण सगळे बंद, आणि खाली अपवादात फक्त तुझा उत्तरलेखनाचा ग्रुप घाल. मग पुढे चुकून पन्नास चॅनेल जॉइन झालास तरी एकही वाजणार नाही. एकेकाला म्यूट करत बसणं म्हणजे गळक्या छताखाली बादल्या ठेवत फिरणं आहे. आणि त्या अपवादालाच वेगळा आवाज आणि वेगळं व्हायब्रेशन पण देता येतं.

शेवटचा_बाक

नोट्सचा तो चॅनेल बहुतेक मीपण बघतो. मी ॲडमिनला मेसेज केला होता की जाहिराती बंद करा. तो म्हणाला दादा पीडीएफ फुकट पाहिजे, जाहिरात पण नको, मग टाइप करणाऱ्या पोराला मी पगार कुठून देऊ. मी गप्प बसलो.

कोपऱ्यातली_खुर्ची

😅 बरोबर आहे त्याचंही. म्यूट करून ठेवतो.

उलटा हिशोब केला. सगळे ग्रुप बंद, चॅनेल बंद, एक अपवाद. क्रोमच्या यादीत सहा साइट्स निघाल्या, सगळ्या उडवल्या. त्यात एक कुठल्या तरी मेसच्या मेनूची होती, ती पण गेली.

पळसाचं_पान

म्हणजे मी काय म्हणत होतो ते सोडून सगळं केलंस

कोपऱ्यातली_खुर्ची

चार दिवसांनी अपडेट, कुणाला पुढे हा धागा सापडला तर उपयोगी पडेल म्हणून. गेमचं एकही नोटिफिकेशन नाही. समोरच्या ताईंनी काल स्वतःहून फोनचा चार्जर मागितला, म्हणजे बहुतेक मिटलं. आज रात्री साडेदहाला टेबलावर फोन वाजला, मी दचकलो, बघितलं तर सरांचाच. १० पैकी ३.

शेवटचा_बाक

कुठला प्रश्न?

कोपऱ्यातली_खुर्ची

राज्यपालांच्या स्वेच्छाधिकाराचा. प्रस्तावना लांबली म्हणतात.